गार दिव्यांची माळ

मी जुनी झाले आहे. माझ्या मानेपाशी एक तडा आहे. बुडाचा लाल रंग उन्हाने विटून गाजरासारखा झाला आहे, आणि माझ्या तीन भोकांपैकी एक तर नावालाच उरले आहे. तरी मित्रांनो, हिवाळा आला की मला अजून बाहेर टांगतात. मी हमिंगबर्डना पाक पाजणारी बाटली आहे. आजवर किती पक्षी माझ्याकडे पिऊन गेले ते मला आठवत नाही. एकाला पाजता आले नाही, तो मात्र आठवतो.

जन्माने मी मेपलच्या पाकाची बाटली. मार्लिस आणि वेंडेल टॉर्विक यांच्या घरी मी रविवारच्या पॅनकेकसाठी आले आणि दोन रविवारांत रिकामी झाले. रिकाम्या बाटल्यांचे पुढे काय होते ते तुम्हाला सांगायला नको. पण वेंडेलला काही टाकवत नसे. तो बेटावरच्या धक्क्याजवळ बोटी दुरुस्त करी, आणि त्याच्या गॅरेजमध्ये बोटींचे इतके भाग पडलेले असत की गाडी कायम बाहेर पावसात. बोटीच्या डाव्या अंगाला लाल दिवा असतो ना, त्याचे एक जुने झाकण त्याने शोधून काढले. त्याला तीन भोके पाडली, रबराची चकती घालून मला त्यावर उपडी बसवली, तांब्याच्या तारेने माझी कंबर आवळली, आणि त्याच तारेची एक दांडी पुढे काढली. पक्ष्याला बसायला.

मार्लिस कॉफीचा मग घेऊन दारात आली. ती तेव्हा शाळेची बस चालवायची, त्यामुळे तिचा आवाज शेवटच्या बाकापर्यंत पोचणारा होता.

"हे काय केलंस? बोटीला अपघात झाल्यासारखं दिसतंय."

"पक्ष्यांना दिसण्याशी काय करायचंय? लाल रंग आणि गोड पाणी, बस."

"आणि मला? स्वयंपाकघराच्या खिडकीतून मलाच बघायचंय ना रोज."

"मला बघतेयस इतकी वर्षं, हिलाही बघशील."

पहिले आठ दिवस मी नुसती गळत होते. मुंग्या आल्या, मधमाश्या आल्या, मार्लिसच्या बुटांवर पाक सांडला. वेंडेलने चकती तीनदा बदलली. मग एका सकाळी भुर्रर्र असा आवाज आला, कोणीतरी कानाशी पत्त्यांचा कॅट पिसावा तसा, आणि अंगठ्याएवढा एक हिरवा जीव माझ्यासमोर हवेत उभा राहिला. त्याने चोच घातली. माझ्या पोटातून एक बुडबुडा वर गेला. मित्रांनो, त्या एका बुडबुड्यासाठी मी पुढची सगळी वर्षे लटकले.

आमच्या गल्लीत बहुतेक लोक सप्टेंबर आला की आपापल्या बाटल्या धुऊन कपाटात ठेवत. ठेवल्या नाहीत तर पक्षी दक्षिणेला जायचे विसरतील, असे त्यांना वाटे. वेंडेलला हे मान्य नव्हते. आमच्याकडचे हमिंगबर्ड जातच नाहीत, बारा महिने इथेच राहतात, हे त्याने पाहिले होते. त्याचा नियम एकच होता.

"पाहुण्याला एकदा जेवायला बसवलं की मध्येच ताट ओढायचं नाही," तो म्हणायचा. "नोव्हेंबरात टांगली तर मार्चपर्यंत टांगायची. जमणार नसेल तर टांगूच नये."

तर मार्चपर्यंत मी टांगलेली असे. चार वाट्या पाणी, एक वाटी साधी पांढरी साखर. मध नाही, गूळकट साखर नाही, रंग नाही. दर तीन दिवसांनी व्हिनेगर आणि गरम पाण्याने आंघोळ. नाताळच्या सुमारास पक्षी मोजणारी मंडळी रेनकोट घालून गल्लीत हिंडत, तेव्हा ती आमच्या कुंपणापाशी हमखास थांबत आणि वहीत आकडा लिहीत. मला वाटे, तो माझाच आकडा आहे.

आमच्या बेटावर हिवाळा म्हणजे मुख्यतः पाऊस. पण जानेवारीत कधी कधी उत्तरेचा वारा सुटतो आणि आठवडाभर सगळे कडक होऊन जाते. पहिल्या तशा थंडीत मी गोठले आणि वेंडेल हवालदिल झाला. मग त्याला नाताळची जुनी माळ सापडली. त्या काळातल्या माळांना लिंबाएवढे रंगीत दिवे असत आणि ते असे तापत की बोट लावले तर चटका बसे. वेंडेलने त्यातले सात दिवे माझ्या बुडाभोवती गुंडाळले आणि माळ व्हरांड्यातल्या प्लगला जोडली. बाहेर खांबावर बर्फ, आणि मी आपली कोमट.

खरे सांगायचे तर मला ती माळ आवडत नसे. रंगाचे पोपडे निघालेले ते दिवे, वर चिकटपट्टीची ठिगळे. पण ऊब होती. रोज पहाटे वेंडेल येऊन माळ लावी, थोडा थांबे आणि माझ्या पोटावर तळवा टेकवी. मगच आत जाऊन कॉफी पिई.

एकदा एक मादी दांडीवर निपचित बसलेली त्याला सापडली. थंडीत हे पक्षी रात्री स्वतःला जवळजवळ विझवून घेतात, आणि सकाळी पहिल्या घोटावर पुन्हा पेटतात. तिचा पहिला घोट चुकला होता. वेंडेलने तिला दोन्ही तळव्यांत झाकले, आत नेले, तिच्या चोचीला कोमट पाक लावला, आणि वीस मिनिटांनी ती त्याच्या हातावरून खिडकीच्या पडद्यावर जाऊन बसली. मार्लिसने ती गोष्ट बसमधल्या प्रत्येक मुलाला सांगितली.

फौजदार आला तो वेंडेलच्या शेवटच्या शरद ऋतूत. वेंडेल तेव्हा आजारी होता आणि बहुतेक वेळ खिडकीशी बसून असे. फौजदार म्हणजे एक नर हमिंगबर्ड; गळा गडद गुलाबी, मान वळवली की काळा, पुन्हा वळवली की गुलाबी. समोरच्या कॅमेलियाच्या झुडपाच्या शेंड्यावर त्याने ठाणे मांडले. दुसरा कोणी माझ्याकडे फिरकला की हा वरून सुटलाच. स्वतः दोन घोट पिणार आणि उरलेला दिवस इतरांना हाकलण्यात घालवणार.

"बघ बघ, फौजदार निघाले," वेंडेल म्हणायचा. "चोर पकडणार एकही नाही, पण गस्त चुकणार नाही."

ते नाव पडले. डिसेंबरात वेंडेल गेला. दुसऱ्या दिवशी पहाटे मार्लिस वेंडेलचा कोट अंगावर घेऊन व्हरांड्यात आली, तिने माळ लावली आणि माझ्या पोटावर तळवा टेकवला. तिला हे कोणी शिकवले नव्हते. इतकी वर्षे खिडकीतून पाहत होती, तेवढेच. फौजदार कॅमेलियावरून उतरला, तिच्या नाकापासून हातभर अंतरावर उभा राहिला, आणि तिला नीट निरखून मग प्यायला. त्या हिवाळ्यात ती दिवसभर ज्याच्याशी बोले असा तो एकटाच होता.

असे तीन हिवाळे गेले. चौथ्या जानेवारीत मार्लिसच्या खुब्याच्या सांध्याचे ऑपरेशन ठरले. हॉस्पिटल पलीकडच्या किनाऱ्यावर होते, फेरीबोटीने जायचे. तिला मुक्कामाची काळजी नव्हती, भुलीची नव्हती. काळजी माझी होती, म्हणजे फौजदाराची.

मार्लिसची मुलगी कोरीन गल्लीच्या दुसऱ्या बाजूला राहते. ती फेरीच्या धक्क्यावर तिकिटे देते. स्वभावाने नीटनेटकी; आईच्या घरातले सगळे जुने दिवे तिनेच बदलून नव्या, कमी वीज खाणाऱ्या पद्धतीचे बसवले होते.

"आठच दिवस आहेत गं," मार्लिस बॅग भरत म्हणाली. "दर तीन दिवसांनी पाक बदल. चारास एक. आणि थंडी पडली तर बाबांची ती माळ लाव. रोज माळ पेटलेली आहे का तेवढं बघ. पेटलेली असली की झालं."

"आई, तू चौथ्यांदा सांगतेयस."

"पाचव्यांदा फेरीवर सांगीन."

आता नीट ऐका मित्रांनो, कारण सगळे इथेच बिनसले. मार्लिसने 'पेटलेली बघ' असे सांगितले. 'गरम आहे का बघ' असे सांगितले नाही. स्वतःचा तळवा रोज सकाळी कुठे जातो हे तिला मुळी ठाऊकच नव्हते. आणि कोरीनला लहानपणापासून वाटत आले होते की ती माळ म्हणजे बाबांची हौस. पाखराच्या ताटाभोवती रांगोळी काढावी तशी शोभा.

तिसऱ्या दिवशी वारा उत्तरेकडे फिरला. कोरीन संध्याकाळी आली, मला धुतले, ताजा पाक भरला आणि माळ काढली. बघते तो वायरवरचे रबर दोन ठिकाणी फुटून आतली तार दिसते आहे. ओल्या व्हरांड्यात अशी वायर. ती घाबरली, आणि तिचे घाबरणे बरोबर होते. ती तशीच दुकानात गेली आणि नवी माळ घेऊन आली. तांदळाएवढे बारीक पांढरे दिवे, शंभरएक तरी असतील. ते तिने माझ्याभोवती फार सुंदर गुंडाळले. प्लग लावला आणि मी उजळले.

काय सांगू, मला ती माळ आवडली. वेंडेलची ठिगळे लावलेली माळ इतकी वर्षे अंगावर वागवल्यावर कोणीतरी मला नटवले होते. गल्लीतून कुत्र्याला फिरवणारी एक बाई थांबली आणि म्हणाली, "अगं बाई, किती गोड दिसतंय." मला तेव्हाच कळायला हवे होते. हे नवे दिवे तापतच नव्हते, माझ्या बुडाला ऊब लागत नव्हती. पण मी त्या कौतुकातच गुंग होते. रात्री पारा शून्याच्या सात-आठ अंश खाली गेला, आणि शंभर दिव्यांच्या उजेडात मी आतून घट्ट गोठत गेले.

सकाळी फौजदार आला. चोच घातली. टक्, असा आवाज झाला. तो मागे सरला, दुसऱ्या भोकाशी गेला, टक्. तिसऱ्याशी. मग पुन्हा पहिल्याशी, जणू त्याचीच काही चूक झाली असावी. दुपारी ऊन आले तेव्हा एका कडेला थोडे वितळले आणि त्याला चार-दोन थेंब मिळाले. कोरीन पहाटे अंधारातच धक्क्यावर जाई आणि अंधार पडल्यावर परते. स्वतःच्या घराच्या खिडकीतून तिला समोर माळ पेटलेली दिसे. बाटली भरलेली दिसे. भरलेलीच असणार, ती रिकामी कशी होईल?

दुसरा दिवस ढगाळ उगवला. काहीच वितळले नाही. दुपारी एक दुसरी, भुकेलेली मादी कुठूनशी आली, तर फौजदार कॅमेलियावरून सुटला आणि त्याने तिला हाकलून लावले. माझ्यात एक थेंब नव्हता, आणि तो माझ्यावर पहारा देत होता. ते आठवले की मला अजून लाज वाटते.

तिसऱ्या दिवशी शनिवार होता. कोरीनला सुट्टी होती. सकाळी उजाडल्यावर ती कॉफीचा मग घेऊन आली, आणि फौजदार दांडीवर बसलेला होता. पिसे फुगवून, डोळे मिटून, चारी बाजूंनी दिवे. तिला वाटले, काय सुरेख दृश्य आहे. अगदी जवळ येऊन तिने फोटो काढला आणि आईला पाठवला. सोबत लिहिले, 'तुझे फौजदार ड्यूटीवर हजर.'

दोन मिनिटांत फोन वाजला.

"कोरीन, इतक्या जवळून कसा काढलास?"

"तो हललाच नाही. माझी सवय झाली वाटतं त्याला."

"तो कोणाला सवय लावून घेत नाही गं. आणि हे दिवे कसले? बाबांची माळ कुठाय?"

"तिची वायर फुटलीये आई. ही नवीन आणली. पेटलेली आहे सारखी, मी रोज बघते."



"बाटलीला हात लाव," मार्लिस म्हणाली.

कोरीनने हातमोजा काढला आणि माझ्या पोटावर तळवा टेकवला. तीन दिवसांत पहिल्यांदा. तिचा चेहरा मी जवळून पाहिला. मित्रांनो, मी काच आहे, मला डोळे मिटता येत नाहीत.

पुढचे सगळे फोनवरून चालले. त्याला दोन्ही हातांत झाक. आत ने. फुंकर घालू नकोस. पाक कोमट कर, उकळता नको. कोरीनने मलाही आत आणून ओट्यावर ठेवले होते. मी वितळत होते, माझ्याखाली पाण्याचे तळे होत होते, आणि ती खुर्चीवर बसून त्याला तळव्यात धरून होती. वेंडेलला वीस मिनिटे लागली होती, हे मला आठवत होते, म्हणून मीही मनात आशा धरून होते. तिने चमच्याने त्याच्या चोचीला पाक लावला. एकदा त्याची केसासारखी जीभ बाहेर आली. मी पाहिली. मग आली नाही.

"जीभ काढली का?" मार्लिसने विचारले.

"काढली."

"पितोय?"

कोरीन हातातल्या त्या मुठीएवढ्याही नसलेल्या जिवाकडे पाहत होती. त्याचा गळा काळा दिसत होता. तिने त्याची मान इकडे वळवून पाहिली, तिकडे वळवून पाहिली, तर पुन्हा गुलाबी झाला.

"पितोय आई," ती म्हणाली. मग थोड्या वेळाने म्हणाली, "उडाला. कॅमेलियावर गेला."

"बरं झालं," मार्लिस म्हणाली. "बरं झालं गं."

सूप ढवळायच्या मोठ्या चमच्याने कोरीनने कॅमेलियाखालची पाने बाजूला केली आणि गोठलेली माती उकरली. खिडकीतून ते मला दिसत होते. तिला फार वेळ लागला.

मंगळवारी मार्लिस घरी आली. तोवर वारा फिरून पुन्हा पाऊस लागला होता. मला धुऊनपुसून टांगले होते, माळ काढून टाकली होती. मार्लिस वॉकर धरून खिडकीशी जाऊन बसली आणि बघत राहिली. आणखी काही पक्षी आले. ज्या मादीला हाकलले होते तीही आली, निवांत बसून प्यायली. तिला कोणी अडवले नाही. मार्लिसने काही विचारले नाही. कोरीन रोज दोनदा येई, सूप करी, औषध देई, आणि खिडकीकडे पाठ करून बसे.

रविवारी मार्लिस कॉफी ढवळत म्हणाली, "कॅमेलियाखाली मोठा चमचा राहिलाय तुझा. गंजेल."

कोरीनने हातातले ताट खाली ठेवले.

"तुला कधी कळलं?"

"फोनवरच. सातवीत तू गणिताच्या पेपराबद्दल अशाच आवाजात बोलली होतीस."

"मग बोलली का नाहीस आई? शिव्या तरी घालायच्यास."

मार्लिसने कॅमेलियाकडे पाहिले. "मलाही दोन दिवस तो उडालेलाच हवा होता," ती म्हणाली. मग म्हणाली, "आणि शिव्या कोणाला घालू? पेटलेली बघ, असं मीच म्हटलं होतं. तू रोज बघितलीस."

कोरीन रडली. मार्लिसला सांध्यामुळे उठता येत नव्हते, म्हणून तिने बसल्या जागेवरून वॉकर बाजूला सारला आणि तिला जवळ ओढले. मला वाटले, मीही काही बोलावे. पण मला बोलायला येत असते तर त्या पहिल्या सकाळीच बोलले असते ना?

पुढच्या वर्षी कोरीनने कुठून कुठून शोधून जुन्या पद्धतीचे मोठे दिवे आणले आणि वायर नवी घातली. मार्लिस आता नाही. घर कोरीनचे आहे, आणि कॅमेलियावर दुसरा एक गुलाबी गळ्याचा बसतो. तोही इतरांना हाकलतो. त्याला अजून कोणी नाव ठेवलेले नाही.

मित्रांनो, तुमच्याही भरवशावर कोणी असेल. पाखरू असेल, कुत्रे असेल, एखादे म्हातारे माणूस असेल. त्याच्याकडे दिवा लागलेला दिसतो, भांडे भरलेले दिसते, म्हणून लांबूनच समाधान मानू नका. मी शंभर दिव्यांनी लखलखत होते आणि माझ्या दारात एक जीव उपाशी गेला. जवळ जा. हात लावून बघा.

आता हिवाळ्यात रोज पहाटे दार उघडते. कोरीन कॉफीच्या आधी येते, माळ लावते, थोडी थांबते आणि माझ्या पोटावर तळवा टेकवते. तो हात अगदी वेंडेलसारखा आहे, रुंद आणि खरबरीत. एक सकाळ चुकत नाही. त्या तीन दिवसांत तो एकदा आला असता तर.